धोंड्याच्या महिन्यात चौथी पायरी

हणमंत खिलारे तळघरातून वर आला, त्या दिवशी त्याची बायको जाऊन सहा दिवस झाले होते.

जाड दार सरकलं आणि डोळ्यांत ऊन घुसलं. आठ दिवस खाली काढलेली माणसं वर आली की आधी शिव्या देतात, मग तंबाखू मळतात. त्या दिवशीही तसंच चाललं होतं. पाळी बदलायला आलेला शेंडगे मात्र दारातच उभा होता आणि कुणाशी बोलत नव्हता.

"शेंडगे, तुझा फोन दे जरा. माझा गेटवर जमा आहे. मालाला सांगतो सुटलो म्हणून. सोमवारी येते म्हणाली होती, आली असेल."

शेंडगेनं फोन दिला नाही. "हणमंता, आधी बस."

"आठ दिवस बसूनच होतो रे."

"वहिनींना नाग चावला. माहेरी, गोठ्यात. वाचल्या नाहीत."

हणमंत कठड्यावर बसला. मागचे दोघे तंबाखू मळायचे थांबले.

"कधी?"

"सोमवारी. मेव्हण्यानं अग्नी दिला. तुझी वाट बघितली त्यांनी एक दिवस. आम्ही निरोप पाठवला इथं, पण पायरी चौथी होती."

पुढचं शेंडगेला सांगावं लागलं नाही. नियम हणमंतला पाठ होता. पायरी चौथी असेल तर खालच्या माणसाला घरचा कुठलाही निरोप द्यायचा नाही. चांगलाही नाही, वाईटही नाही. बायको गेल्याचं कळलेला माणूस क्षेपणास्त्रांच्या पडद्यासमोर बसवू नये, हे कुणालाही पटेल. हणमंतलाही नोकरीला लागला तेव्हा पटलं होतं. त्यामुळं राग कुणावर काढावा तेच त्याला कळेना.

त्याला आठवलं, सोमवारी खाली सगळ्यांना शिरा मिळाला होता. त्यानं दोनदा मागून घेतला होता.

*

सासुरवाडीला, तोंडलेवाडीला, तो दुसऱ्या दिवशी पोचला. हणमंत आणि जयमालाला मूलबाळ नव्हतं. तळाच्या वसाहतीतलं बंद घर उघडायची त्याला हिंमत झाली नाही, तो तसाच बसमध्ये बसला होता. मेव्हणा अंकुश डोकं केलेला, ओट्यावर होता. हणमंतला बघून उठला नाही. आत सासूबाई, हौसाबाई, भिंतीला टेकून बसल्या होत्या.

"काय झालं अंकुश?" हणमंतनं विचारलं.

"आता इचारून काय करताय दाजी?"

"सांग."

अंकुशनं अंगणाकडं तोंड फिरवलं. मग एका दमात बोलला. "अक्का वैरण काढाय गोठ्यामागं गेली. मी म्हणलं मी काढतो, तर म्हणली तू जेव आधी. गंजीत नाग हुता. हाताला चावला. मी लगीच गाडी काढली. आमच्या फाट्यावर आलो तर रस्त्यात जवान उभं. लांबच्या लांब गाड्या, ताडपत्री टाकलेल्या, मुंगीच्या चालीनं चालल्याल्या. म्हणलं साहेब, बाई हाय गाडीत, पान लागलंय, सोडा. पोरगंच हुतं वं ते, रडाय आलं हुतं त्याला. म्हणतंय, काका, मला सोडता येत नाही आणि कुणाला इचारावं तर फोनबी बंद हायत. शेवटची गाडी गेली तवर अक्काच्या पापण्या पडल्या हुत्या. दवाखान्यात लस हुती, दाजी. संपली नव्हती का काय नव्हती. डॉक्टरनं फ्रीज उघडून दाखवली मला."

हणमंत ओट्याच्या कडेला बसला.

"तुमच्याच गाड्या हुत्या," अंकुश म्हणाला. "दुसऱ्या कुणाच्या न्हाईत."

हौसाबाई आतून म्हणाल्या, "त्यांस्नी नको बोलू. मी बोलवलं तिला. धोंडं खायाला बोलवलं. न्हाई बोलवलं असतं तर घरात असती आपल्या." त्या उठल्या, कोनाड्यातलं झाकलेलं ताट आणून त्यांनी हणमंतसमोर ठेवलं. "ह्ये तुमचं वाण हाय, पाव्हणं. नेणार हुती ती. न्या न्हाईतर टाका."

अधिक महिना, म्हणजेच धोंड्याचा महिना, अडीच-पावणेतीन वर्षांनी एकदा येतो. चांद्रमासांचं वर्ष सूर्याच्या वर्षाहून अकराएक दिवसांनी लहान पडतं, ती तूट भरून काढायला पंचांगात एक महिना जास्तीचा घालतात. त्या महिन्यात लेक-जावयाला घरी बोलवायचं, पुरणाचे धोंडे करून जेवू घालायचं, जावयाला वाण द्यायचं. यात चुकलेलं सासर वर्षानुवर्षं ऐकून घेतं. माला म्हणायची, "तुम्हाला माझी आठवण येवो न येवो, धोंड्याची बरोबर येते."

हणमंतनं ते ताट नेलं नाही आणि टाकलंही नाही. आल्या पावली परतला.

*

पुढचं समजायला पायऱ्या समजल्या पाहिजेत.

अण्वस्त्रं सांभाळणाऱ्या दलात सज्जतेच्या पाच पायऱ्या होत्या. पहिल्या पायरीवर क्षेपणास्त्र एकीकडं आणि त्याचा अणुबॉम्ब दुसरीकडं, वेगळ्या कुलपात. दुसरीवर माणसं जागेवर. तिसरीवर रजा बंद. चौथीवर बॉम्ब क्षेपणास्त्रावर चढतो आणि गाड्या तळ सोडून रस्त्याला लागतात, कारण तळावर उभी गाडी शत्रूला सापडते, हिंडती गाडी सापडत नाही. त्या वेळी आसपासचे सगळे फोन बंद पाडतात, म्हणजे गाड्या कुठं आहेत ते कुणी बोलणार नाही. पाचवीवर क्षेपणास्त्र सुटतं. त्यानंतर काय करायचं ते कुठं लिहिलेलं नव्हतं, कारण करायला कुणी उरेल असं धरलेलं नव्हतं.

पायरी कधी चढायची हे पूर्वी माणसं ठरवत. पण पलीकडच्या देशातून निघालेलं क्षेपणास्त्र इकडं पोचायला चहा गार व्हायला लागतो तेवढाही वेळ लागत नाही. तेवढ्यात माणसं काय ठरवणार? म्हणून दोन्हीकडं यंत्रं बसली. आपल्या यंत्राला खात्यानं लांबलचक नाव दिलं होतं. खालची माणसं त्याला 'भाऊसाहेब' म्हणत, कारण तलाठ्यासारखं ते सतत नोंदी करत असे. पलीकडं कुठल्या तळावर दिवे जास्त लागले, कुठं डिझेल जास्त गेलं, कुठल्या दवाखान्यात रक्त साठवलं जातंय. एकेक चिन्ह बारीक. पण भाऊसाहेब त्यांचा गुणाकार करत जाई आणि 'ते हल्ल्याच्या तयारीत आहेत' याची शक्यता सांगे. ती ठरलेल्या रेषेच्या वर गेली की पायरी चढे. माणूस नावाला होता. तो बटण दाबून मान्य करी, आणि नाकारायचं असेल तर त्याला कारण द्यावं लागे. कारण शोधायला वेळ नसे.

पलीकडंही असाच एक भाऊसाहेब होता. तो आपल्याकडं बघत होता. म्हणजे आपण एक पायरी चढलो की त्याला ते दिसे, मग तो चढे, मग ते आपल्याला दिसे.

पायरी का चढली याच्या चौकशीला मुंबईहून डॉ. श्रुती केंकरे आल्या. असली यंत्रं कुठं चुकतात हेच बघायचं त्यांचं काम. बाई बारीक, बोलणं तुटक. त्यांनी खालच्या पाळीतल्या प्रत्येकाला एकेकटं बोलावलं. हणमंतचा नंबर शेवटी लागला.

"खिलारे, तुमच्या घरचं मला कळलं. आज नको असेल तर उद्या बोलू."

"उद्या काय वेगळं असणार आहे? विचारा."

"पायऱ्या उतरवायला तिसऱ्या देशात बोलणी झाली, त्यात पलीकडचा माणूस एकच गोष्ट परत परत म्हणाला. 'तुम्ही आधी कुटुंबं हलवली.' आपली माणसं म्हणतात असला हुकूम कुणी दिलाच नाही. मी उपग्रहाची चित्रं बघितली. त्या शनिवारी सकाळी तुमची वसाहत खरंच रिकामी झाली. कुठं गेली होती सगळी?"

हणमंतला आधी प्रश्नच कळला नाही. मग म्हणाला, "माहेरी."

"सगळ्या?"

"धोंड्याचा महिना होता, मॅडम."

केंकरेंनी हातातलं पेन खाली ठेवलं.

"त्याच्या दोन महिने आधी समुद्रात एका बोटीवरून दोन्ही देशांची भानगड झाली तेव्हापासून पायरी तिसरी होती," हणमंत सांगू लागला. "रजा बंद. धोंडा सुरू झाला तेव्हा बायका म्हणाल्या, थांबू, रजा सुटेल, जोडीनं जाऊ. जावयाशिवाय धोंड्याला काय अर्थ आहे? सुटेना. शेवटचा शनिवार आला. मग म्हणाल्या, तुम्ही बसा इथं, आम्ही जेवून येतो, वाण घेऊन येतो. साहेबांनाही वाईट वाटलं, त्यांनी बस दिली. सगळ्या एकाच दिवशी निघाल्या. मी मालाला बसपर्यंत सोडलं. म्हणाली, यंदा तुमच्या वाटणीचे पण मीच खाते."

"पुरुष आत ठेवले आणि बायकापोरं बाहेर काढली," केंकरे हळू म्हणाल्या. "लढाईच्या आधी कुठलंही सैन्य हेच करतं. याहून वजनदार चिन्ह यंत्राला माहीत नाही."

"त्यांना धोंडा माहीत नाही?"

"माणसांना असेलही एखाद्याला. यंत्राला त्यांनी गेल्या पाच-सहा वर्षांच्या नोंदी शिकवल्या असतील. मागच्या धोंड्याला तुमची वसाहत बांधून झाली नव्हती. म्हणजे हे त्यानं पहिल्यांदाच बघितलं." त्या थोडं थांबल्या. "आणि आणखी एक झालं. समजा एक बातमी तुम्हाला चाळीस जणांनी येऊन सांगितली. चाळीसही जणांनी ती एकाच चहाच्या टपरीवर ऐकली असेल, तर ती बातमी एकच. पण ते तुम्हाला माहीत नसेल तर तुम्ही म्हणणार, चाळीस साक्षी आहेत. यंत्रानं तेच केलं. चाळीस घरांना चाळीस कुलपं, चाळीस वेगळी चिन्हं धरून गुणाकार केला. कारण एकच होतं, ते त्याच्या गणितात नव्हतं."

"मग त्यांची पायरी चढली."

"त्यांची चढली. ते आपल्याला दिसलं. त्यात रात्री ताडपत्री टाकलेल्या त्यांच्या गाड्यांची रांग दिसली, क्षेपणास्त्रांचीच म्हणून धरली. मग आपली चढली. मग तुमच्या गाड्या रस्त्यावर आल्या." त्यांनी समोरची फाईल मिटली. फाटा कुठला होता ते त्यांना माहीत होतं.

निघताना त्याच म्हणाल्या, "माझ्या आईनंही बोलावलं होतं मला. मी म्हटलं, वेळ नाही."

*

तळाचे संचालक निंबाळकर. माणूस वाईट नव्हता. बस त्यांनीच दिली होती. केंकरे आणि हणमंत समोर बसले तेव्हा त्यांनी आधी हणमंतला पाणी दिलं, आणि सगळं ऐकून घेतलं.

"अहवाल उत्तम आहे, डॉक्टर. आम्ही हयगय केलेली नाही. आपल्या यंत्रात आता पुढच्या पन्नास वर्षांचं पंचांग घातलंय."

"आपल्या यंत्रात?" हणमंत म्हणाला. "साहेब, चूक त्यांच्या यंत्रात आहे."

"त्यांचं त्यांनी बघावं."

"त्यांना कसं कळणार? आपण सांगितलं तर कळेल."

"काय सांगू? आमचे कोण लोक कुठल्या वसाहतीत राहतात, त्यांच्या रजा कशा असतात, बायका कधी गावाला जातात? हे सगळं मी त्यांना लिहून देऊ?"

"त्यांना वसाहत दिसतेच आहे, सर," केंकरे म्हणाल्या. "फक्त कारण दिसत नाही."

निंबाळकरांनी खुर्ची जरा मागं घेतली. "हे बघा. कुटुंबं हलली की ते घाबरतात, एवढं आपल्याला फुकटात कळलंय. वरच्या मंडळींना ते मोलाचं वाटतं. उद्या गोळी न झाडता त्यांना दम द्यायचा झाला, तर आपल्याकडं एक साधन आहे. ते आपण होऊन बोथट करायचं नाही, असं ठरलंय."

"साधन म्हणजे आमच्या बायका," हणमंत म्हणाला.

"खिलारे."

"नाही, मला समजलं पाहिजे. पुढच्या धोंड्याला काय करायचं मग?"

"पुढच्या धोंड्याला वसाहतीतून कुणी जायचं नाही. तसा आदेश निघेल."

"साहेब, तुमचं लग्न झालंय. तुम्हाला माहीत आहे. आदेशानं बायका माहेरी जायच्या थांबतील?"

निंबाळकरांना हसू आलं आणि लगेच ते त्यांना आवरावं लागलं. "तुम्ही काही दिवस हलकं काम घ्या," ते म्हणाले. "संपर्क खोलीत जा. तिथं त्रास नाही."

*

तोंडलेवाडीला जायचं हणमंत टाळत होता, पण वर्षश्राद्धाआधी एकदा जाणं भाग होतं. अंकुश घरी नव्हता. हौसाबाई एकट्या, शेंगा फोडत बसल्या होत्या. मघापासून त्या एकच बोलत होत्या. मी बोलवलं. माझ्या धोंड्यापायी गेली.

हणमंतला ते ऐकवेना. "मामी, तुमच्यामुळं नाही गेली," तो म्हणाला, आणि मग त्याला थांबता आलं नाही. जे बोलायला बंदी होती ते सगळं त्यानं सांगितलं. गाड्या का निघाल्या, पलीकडच्यांनी काय बघितलं, सगळ्या बायका एका दिवशी गेल्या त्याचा त्यांनी काय अर्थ लावला.

त्याला वाटलं होतं, म्हातारीच्या मनावरचं ओझं उतरेल. हौसाबाईंचे हात थांबले.

"म्हंजे पुरणानंच गेली म्हणता की."

"तसं नाही, मामी."

"तसंच हाय. मी इळभर मनाला समजावत हुते, नाग काय, कुणाच्या बी घरात निघतो. आता तुम्ही सांगताय, आम्ही म्हाताऱ्यांनी लेकी बोलवल्या म्हणून तोफा निघाल्या."

"तुम्ही एकट्यांनी नाही, चाळीस घरांनी..."

"चाळीस घरांचं मला काय करायचंय? कशाला सांगितलंत वं मला?"

तो उठला, चपला घातल्या. मागून हौसाबाई म्हणाल्या, "बाकीच्यांच्या लेकींचं काय? परत धोंडा येईल. त्या लोकांस्नी सांगितलं का कुणी?"

"नाही."

"मग मला कशाला सांगाय आलात? तिकडं सांगा."

त्या परत शेंगा फोडू लागल्या. त्यानंतर हौसाबाई त्याच्याशी बोलल्या नाहीत. तो फोन करी, अंकुश उचले, "आय झोपलीय" म्हणे.

*

संपर्क खोलीत खरंच त्रास नव्हता. दोन्ही देशांना जोडणारी एक थेट लाईन होती, अडचणीच्या वेळी बोलायला. ती चालू आहे की नाही हे तपासायला रोज एक मजकूर जाई. एक दिवस इकडून तिकडं, एक दिवस तिकडून इकडं. मजकूर साधा असावा, इंग्रजीत असावा, त्यात गावांची नावं, तारखा, हत्यारं नसावीत, एवढाच नियम. हणमंतच्या आधीचा माणूस शेतीच्या मासिकातले उतारे पाठवायचा. मिळालेला मजकूर यंत्र अक्षर न् अक्षर तपासी, पडद्यावर हिरवी खूण येई आणि मजकूर साठ्यात जाई.

हौसाबाईंचं बोलणं त्याच्या डोक्यातून जात नव्हतं. तिकडं सांगा. तिकडं सांगायची लाईन तर त्याच्या समोरच होती.

त्यानं तंत्रनिकेतनात शिकलेल्या इंग्रजीत लिहिलं. 'आमच्याकडं दर तीन वर्षांनी एक जास्तीचा महिना येतो. त्या महिन्यात लग्न झालेल्या बायका आईवडिलांच्या घरी जेवायला जातात. हरभऱ्याची डाळ शिजवून त्यात गूळ घालतात. ते पुरण कणकेत भरून उकडतात. नोकरीवरच्या नवऱ्याला रजा मिळाली नाही तर बायका आणि मुलं एकटीच जातात. त्यामुळं घरं बंद दिसतात. दोन दिवसांनी सगळ्या परत येतात.'

वरचा अधिकारी रोजच्यासारखा मान्यतेला आला. वाचून म्हणाला, "खिलारे, जेवायच्या आधी असलं लिहीत जाऊ नका हो. भूक लागली." आणि बोट टेकवून मान्य केलं.

मजकूर गेला. पलीकडून हिरवी खूण आली. अक्षरं बरोबर.

त्यानं आपल्या पाळीला तेच पुन्हा पाठवलं, शब्द बदलून. मग आणखी एकदा, अधिक सोपं करून. दर वेळी खूण आली. अक्षरं बरोबर. तीन-चार महिन्यांनी बोलण्यांची दुसरी फेरी झाली. केंकरेंचा फोन आला. "खिलारे, पलीकडच्यानं परत तेच काढलं. 'तुम्ही कुटुंबं का हलवली, याचं उत्तर द्या.' आणि आपले गप्प बसले."

"मी पाठवलंय, मॅडम. लाईनवरून. किती वेळा."

"तिथं कुणी वाचत नसणार," केंकरे म्हणाल्या. "यंत्र जुळवतं आणि ठेवून देतं. आपल्याकडं कोण वाचतं?"

हणमंतनं फोन ठेवला. आपल्याकडंही कुणी वाचत नव्हतं. तोही वाचत नव्हता. खूण आली की काम संपलं, असंच त्याला दाखवलं होतं.

दुपारी त्यानं साठा उघडला आणि पलीकडून आलेले जुने मजकूर क्रमानं वाचू लागला. बहुतेक फालतू होते. पक्ष्यांविषयी, गालिचे धुण्याविषयी. मग मालाला नाग चावला त्याच्या दीड महिना आधीचा एक आला.

'आमच्या भागात फळं उतरू लागली की सैन्याच्या रिकाम्या गाड्या बागवाल्यांना वापरायला मिळतात. दिवसा उन्हानं फळ खराब होतं. म्हणून गाड्या रात्री निघतात. फळांवर ताडपत्री टाकतात.'

त्यानं तो दोनदा वाचला. पुढं सरकला. आठ दिवसांनी पुन्हा तोच, थोडा वेगळ्या शब्दांत. पुन्हा एक. मंद पोराला समजवावं तसा प्रत्येक वेळी अधिक सोपा. शेवटचा त्या शनिवारच्या आदल्या दिवशीचा होता. त्यात एकच जास्तीचं वाक्य होतं. 'रांग लांब असते, पण तिच्यात फळंच असतात.'

पलीकडंही कुणीतरी खुर्चीत बसलेला होता. त्याला कळलं होतं की ही रांग इकडून कशी दिसेल. त्याच्या वरच्यांना सांगून उपयोग नव्हता, किंवा सांगूनही झालं नव्हतं. म्हणून त्यानं जे हातात होतं ते केलं. प्रत्येक मजकुरापुढं आपल्या यंत्राची हिरवी खूण होती. अक्षरं बरोबर.

हणमंत मोठ्यानं ओरडला असावा, कारण शेजारच्या खोलीतला माणूस धावत आला.

*

निंबाळकरांनी फळांचे सगळे मजकूर वाचले. नंतर विचारलं, "साठा कुणाच्या परवानगीनं उघडलात?"

"साहेब, त्या गाड्यांत फळं होती. त्यानं आधी सांगितलं होतं. ती रांग आपण हल्ल्याची धरली नसती तर पायरी चढली नसती. रस्ता बंद झाला नसता."

"कदाचित."

"कदाचित काय? लिहिलंय की."

"खिलारे, शांतपणे ऐका. समजा मी पलीकडचा अधिकारी आहे आणि मला खरोखरच क्षेपणास्त्रं हलवायची आहेत. तर मी आधी दीड महिना काय पाठवीन? हेच. फळं आहेत, घाबरू नका."

"म्हणजे आपण धोंड्याचं सांगितलं, तरी त्यांनाही हेच वाटणार."

"बरोबर. म्हणून कुणी काही सांगत नाही."

"आणि त्यानं सांगितलं ते?"

"त्याची जबाबदारी त्याच्यावर."

निंबाळकर उठून खिडकीशी गेले. त्यांचा आवाज खाली आला. "तुमच्या पत्नीचं मला फार वाईट वाटतं. मी स्वतः बस दिली होती. पण या खोलीत बसून मला भल्या माणसाचा विचार करता येत नाही. मला वाईटातल्या वाईट माणसाचाच करावा लागतो. तिकडं माझ्या जागी जो बसलाय त्यालाही तेच करावं लागतं."

"मग दोन भली माणसं एकमेकांना काय सांगणार?"

"हवामान," निंबाळकर म्हणाले. ते थट्टा करत नव्हते.

आठवडाभरात हणमंतची बदली भांडारात झाली. कुलपं, बॅटऱ्या, पाण्याच्या टाक्यांची झाकणं. संपर्क खोलीत आता माणूस नाही. मजकूर यंत्रच लिहितं, यंत्रच पाठवतं, यंत्रच तपासतं. केंकरेंनी वर लिहून पाठवलं, दोनदा. पोचल्याचं कळवण्यात आलं. वसाहतीत आदेश लागला की पुढच्या अधिक महिन्यात कुटुंबांनी बाहेर जाऊ नये, जायचं तर आधीच्या महिन्यात जाऊन यावं. शेंडगेची बायको तो वाचून म्हणाली, "आम्ही आधीच्या महिन्यात थोडंच जाणार? धोंडा म्हणजे धोंडा." त्यांच्या थोरलीचं लग्न ठरलंय. जावई याच तळावर आहे, म्हणजे त्या पोरीचा पहिला धोंडा याच वसाहतीतून निघणार.

हणमंत भांडारात झाकणं मोजत असतो, तेव्हा त्याला त्या पलीकडच्या माणसाची चिंता लागते. तो अजून त्या खुर्चीत आहे का, त्यालाही कुठं झाकणं मोजायला बसवलंय का, हे कळायला मार्ग नाही. या वर्षीही तिकडं फळं उतरली. रात्री गाड्या निघाल्या. या वेळी पायरी चढली नाही. का चढली नाही, ते कुणालाच सांगता आलं नाही.

पुढचा धोंडा आषाढात आहे. कुटुंबं का हलली याचं उत्तर अजून गेलेलं नाही, आणि फळांच्या मजकुरालाही कुणी उत्तर दिलेलं नाही.